दंतवैद्यकाच्या पदव्युत्तर प्रवेशाचा इतिहास

आपल्या ज्ञातीतील मुलामुलींनी बी.डी.एस. ही पदवी संपादन केल्याचे वृत्त ह्या स्मरणिकेच्या अभिनंदनाच्या पानांवर वारंवार येते, एम.डी.एस. झालेल्यांची नावे मात्र विरळा आढळतात. ह्याचे कारण मुलांच्या बुद्धीत किंवा परिश्रमात शोधण्यापूर्वी पालकांनी ह्या प्रवेशाचा इतिहास एकवार डोळ्यांखालून घालावा, एवढ्यासाठीच हा लेखनप्रपंच.

हिंदुस्थानातील पहिले दंतवैद्यक महाविद्यालय डॉ. रफीउद्दीन अहमद ह्यांनी १९२० साली कलकत्त्यास काढले. अमेरिकेत शिकून आलेल्या ह्या गृहस्थांनी ‘न्यूयॉर्क सोडा फाउंटन’ नावाचे पेयगृह चालवून त्याच्या उत्पन्नातून महाविद्यालयाचा आरंभीचा खर्च भागविला. गुरूने पदरमोड करून शिष्यांस शिकवावे असा तो काळ. पुढे ह्याच विद्येसाठी शिष्याच्या पित्यास शेत विकावे लागेल, हे तेव्हा कोणाच्या स्वप्नीही आले नसेल. मुंबईस १९३३ साली नायर रुग्णालयाचे दंत महाविद्यालय निघाले, १९४८ साली दंतवैद्यांचा कायदा झाला आणि पुढील वर्षी दंतवैद्यक परिषद अस्तित्वात आली.

पदव्युत्तर शिक्षणात जागा थोड्या असणे हे काही अंशी अपरिहार्यच होय. जबड्याची शस्त्रक्रिया किंवा वाकडे दात सरळ करण्याची विद्या गुरूच्या हाताखालीच शिकावी लागते. म्हणून जितके मान्यताप्राप्त अध्यापक तितक्याच बेताने विद्यार्थी. जागा थोड्या म्हटल्या की कुंपणे आलीच. पहिले कुंपण स्थळाचे होते. बहुतेक विद्यापीठे व राज्ये आपल्याच पदवीधरांस किंवा आपल्याच रहिवाशांस घेत. दिल्ली विद्यापीठाने सत्तर टक्के जागा स्वतःच्या पदवीधरांसाठी ठेवल्या होत्या. त्यामुळे मद्रासहून वैद्यकाची पदवी घेतलेले डॉ. जगदीश सरन त्वचारोगाच्या अभ्यासक्रमास मुकले व सर्वोच्च न्यायालयात गेले. अभ्यासक्रम जितका उच्च, तितका अशा सवलतीस वाव कमी, हा विचार न्या. कृष्ण अय्यर ह्यांनी १९८० साली त्या निकालात मांडला.

चार वर्षांनी, २२ जून १९८४ रोजी, डॉ. प्रदीप जैन ह्यांच्या प्रकरणात न्या. भगवती प्रभृतींनी निर्णय दिला की, पदव्युत्तर प्रवेशात निवासाच्या आधारे जागा राखता येणार नाहीत. आपल्या संस्थेच्या पदवीधरांस प्राधान्य द्यावयाचे तर ते निम्म्या जागांपुरतेच, उरलेल्या साऱ्या देशास खुल्या. दंतवैद्यक परिषद स्वतःचे नियम करीपर्यंत हीच तत्त्वे बी.डी.एस. व एम.डी.एस. ह्यांसही लागू राहतील, असेही त्यात म्हटले होते. परंतु १९८६ साली हा खुला हिस्सा पंचवीस टक्क्यांवर आला, तो पुन्हा पन्नासावर जाण्यास २००३ साल उजाडले.

येथे कोणी विचारील की, आपल्या ज्ञातीचे वसतिगृहही आपल्याच मुलांस जागा देते, मग दिल्लीकरांस नावे का ठेवावी? प्रश्न रास्त आहे. आमचे उत्तर असे की, वसतिगृहाची वीटन् वीट ज्ञातिबांधवांच्या वर्गणीची आहे. सरकारी महाविद्यालय साऱ्या रयतेच्या करावर उभे असते. हे उत्तर सर्वांस पटेलच असे नाही.

दुसरे कुंपण थैलीचे. आपल्या महाराष्ट्राने १९८७ साली देणगीबंदीचा कायदा केला, परंतु देणगी काही गेली नाही. ती मागल्या दाराने येऊ लागली. २००५ साली इनामदार प्रकरणात, आणि ते महाराष्ट्रातूनच गेले होते, सात न्यायमूर्तींनी देणगी निषिद्ध ठरविली, पण विनाअनुदान संस्थांवर शासनाने आपल्या राखीव जागा लादू नयेत असेही म्हटले. संसदेने लगोलग त्र्याण्णवावी घटनादुरुस्ती करून ते दार पुन्हा उघडले. ह्या सर्व काळात विद्यार्थ्याची स्थिती केविलवाणी होती. राज्याची परीक्षा वेगळी, खाजगी संस्थांच्या संघटनेची वेगळी, अभिमत विद्यापीठांच्या आणखी निराळ्या; प्रत्येकीचे शुल्क भरावे आणि गावोगाव फिरावे.

साऱ्या देशास एकच परीक्षा, म्हणजे ‘नीट’, ही एम.डी.एस.साठी २०१२ च्या अखेरीस प्रथम झाली. जुलै २०१३ मध्ये न्यायालयाने ती रद्द केली, एप्रिल २०१६ मध्ये तो निकाल मागे घेतला आणि त्याच वर्षी दंतवैद्यांच्या कायद्यात तिला स्थान मिळाले. गुणवत्तायादी एक झाली हा मोठाच लाभ. तथापि पालकांनी ‘पर्सेंटाइल’ हा शब्द नीट समजून घ्यावा. पन्नासावे पर्सेंटाइल म्हणजे पन्नास टक्के गुण नव्हेत; परीक्षेस बसलेल्यांपैकी सुमारे निम्मे विद्यार्थी खुल्या वर्गाच्या ह्या अटीने पात्र ठरतात. मग वरच्या क्रमांकाचा गरीब मुलगा लाखोंचे शुल्क पाहून मागे सरतो व त्याच्यामागचा धनिकपुत्र ती जागा घेतो. हे कायद्याने सर्वस्वी निर्दोष असते. आमच्या मते तीनही कुंपणांत हेच सर्वांत उंच आहे.

तिसरे कुंपण जन्माचे, आणि त्याविषयी ज्ञातिसंस्थेने बोलताना जपून बोलावे हे बरे. अखिल भारतीय हिश्श्यात अनुसूचित जाती-जमातींस राखीव जागा २००७ पासून मिळाल्या. इतर मागासवर्गीयांस सत्तावीस व आर्थिक दुर्बलांस दहा टक्के जागांचा निर्णय केंद्राने जुलै २०२१ मध्ये घेतला. जानेवारी २०२२ मध्ये न्यायालयाने मागासवर्गीयांच्या जागा वैध ठरविताना म्हटले की, परीक्षेतील गुणांत घरची परिस्थिती, शिक्षण व संस्कार ह्यांचाही वाटा असतो. ज्यांच्या घरी पुस्तकांचे कपाट होते त्यांस हे ऐकावयास कठीण जाते, आम्हांसही गेले.

अगदी अलीकडे, २९ जानेवारी २०२५ रोजी, चंडीगडच्या प्रकरणात वैद्यकाच्या पदव्युत्तर प्रवेशातील निवासाधिष्ठित आरक्षण न्यायालयाने पुनश्च घटनाबाह्य ठरविले. जे १९८४ साली सांगितले, तेच एक्केचाळीस वर्षांनी सांगावे लागले.

आपल्या विद्यार्थी साहाय्य निधीच्या नियमानुसार मदत पदवीपर्यंतच दिली जाते. तो नियम झाला तेव्हा पदवी हीच शिक्षणाची परिसीमा मानली जाई. येत्या वार्षिक सभेत तो बदलण्याची सूचना मांडण्याचा आमचा विचार आहे. सभासदांनी आपले मत कार्यवाहांकडे लेखी कळवावे, ही विनंती.