खोती, कूळ आणि स्वतंत्र मजूर पक्ष

कोंकणांतील खोतीचीं दप्तरें जुन्या कागदपत्रांच्या संग्राहकांस अपरिचित नाहींत. सनदा, कौल, ताकीदपत्रें व वसुलाच्या याद्या अनेकांनीं आस्थेनें जतन केल्या आहेत. परंतु या कागदांवर ज्यांच्या श्रमाचा हिशेब मांडला आहे, त्या कुळांनीं ती पद्धति मोडण्यासाठीं जो राजकीय उद्योग केला, त्याचीं साधनें आमच्या पाहण्यांत विरळा येतात. म्हणून त्या उद्योगांत पुढें असलेल्या स्वतंत्र मजूर पक्षाचा अल्प वृत्तांत येथें देण्याचें योजिलें आहे.

डॉ. भीमराव रामजी आंबेडकर यांनीं हा पक्ष ऑगस्ट १९३६ मध्यें स्थापिला. १९३५ च्या कायद्यान्वयें प्रांतिक निवडणुका जवळ आल्या होत्या. पक्षाच्या नांवांत कोणत्याहि जातीचा उल्लेख नाहीं, ही गोष्ट ध्यानांत ठेविली पाहिजे. भूमिहीन शेतमजूर, गरीब कुळें व गिरणीकामगार यांस एका निशाणाखालीं आणावें, हा हेतु त्यांत उघड दिसतो. १९३७ च्या निवडणुकींत मुंबई कायदेमंडळाच्या १७५ जागांपैकीं १७ जागा पक्षानें लढविल्या. यशस्वी उमेदवार कोणी १४ गणितात, कोणी १५. अनंतराव चित्रे, श्यामराव परुळेकर व सुरेंद्रनाथ टिपणीस हे अस्पृश्येतर कार्यकर्तेहि पक्षाच्या बाजूस होते.

आम्ही जेथून हें लिहितों तो वारंगा फाटा आज हिंगोली जिल्ह्यांत मोडतो. त्या काळीं हा मुलूख निजामाच्या राज्यांतील परभणी जिल्ह्यांत होता. १९३५ च्या कायद्यानें निर्माण झालेल्या प्रांतिक कायदेमंडळांसाठीं येथल्या शेतकऱ्यास मत नव्हतें. मराठी बोलणारा मुलूख एक असूनहि पक्षाचा कायदेमंडळांतील इतिहास ब्रिटिश हद्दींतच कां घडला, हें यावरून उमगतें.

खोत हा सरकार व कूळ यांमधला मध्यस्थ. सरकारचा सारा तो भरी, आणि कुळापासून पिकाचा वांटा व इतर हक्क आपण घेई. अलिबाग तालुक्यांतील चरी येथें नारायण नागू पाटील यांच्या नेतृत्वाखालीं १९३३ पासून १९३९ पर्यंत कुळांनीं जमीन कसण्याचें नाकारिलें. १७ सप्टेंबर १९३७ रोजीं आंबेडकरांनीं खोती नष्ट करण्याचें विधेयक मांडिलें. खोतास वाजवी भरपाई द्यावी आणि कसणाऱ्यास सरकाराशीं थेट जोडावें, अशी त्याची योजना होती. जानेवारी १९३८ मध्यें हजारों शेतकऱ्यांचा मोर्चा मुंबईस कायदेमंडळावर गेला. पण बाळासाहेब खेर यांच्या मंत्रिमंडळाच्या कारकीर्दींत तें विधेयक कायदा झालें नाहीं. त्याच वर्षीं संपाच्या हक्कास बंधन घालणाऱ्या औद्योगिक कलहाच्या बिलाविरुद्ध ७ नोव्हेंबर रोजीं एक दिवसाचा संप झाला. त्यांत हा पक्ष व कम्युनिस्ट एकत्र उभे राहिले. तरीहि बिल मंजूर झालें.

१९४२ सालीं क्रिप्सच्या योजनेच्या वेळीं राजकीय वाटाघाटींत जमातवार प्रतिनिधित्वाचें वजन वाढलें होतें. मजुराच्या नांवानें बोलणाऱ्या पक्षास तेथें जागा उरली नाहीं. त्या जुलैंत नागपुरास शेड्यूल्ड कास्ट्स फेडरेशनची स्थापना झाली आणि स्वतंत्र मजूर पक्षाचें कार्य संपलें. आयुष्य सहा वर्षांचें. तथापि १९४९ च्या कायद्यानें खोती गेली, तेव्हां या पक्षाचीच मागणी मार्गी लागली, असें आम्हांस वाटतें.

आतां संग्राहकांस एक विनंति. हातकागदावरील मोडी लेख दोनशें वर्षें टिकतो. पण मोर्च्याचें हस्तपत्रक किंवा ‘जनता’ साप्ताहिकाचा अंक स्वस्त छपाईच्या कागदाचा, तो हातांत घेतां घेतां तुकडे होतो. खोताची सनद आणि तिच्याविरुद्धचें पत्रक हे एकाच वादांतील दोन कागद आहेत. यांपैकीं एकच जपला, तर पुढच्या संशोधकास वादीचें म्हणणें सांपडेल, प्रतिवादीचें नाहीं. आणि इतिहासाचा निवाडा एकतर्फीं होईल. म्हणून ज्या रुमालांत सनद बांधिली आहे, त्याच रुमालांत हें पत्रकहि बांधावें.