विहिरीच्या तोंडाशी वसलेले शहर

आपल्या मंडळातल्या बऱ्याच घरांतली मुले आता अमेरिकेत आहेत. आईवडील चार-सहा महिने त्यांच्याकडे राहायला जातात. नायगारा आणि न्यूयॉर्क पाहून झाले की मुले त्यांना मेक्सिकोतल्या कॅनकूनला घेऊन जातात. तिथे समुद्रकिनारा, हॉटेल आणि एक अख्खा दिवस 'माया संस्कृतीच्या अवशेषांची सहल' असा बेत असतो. या सहलीचे पत्रक बहुतेक सारखेच असते. सकाळी लवकर बस, सुमारे दोनशे किलोमीटरचा प्रवास, चिचेन इत्झाचा पिरॅमिड, दुपारी स्थानिक पद्धतीचे जेवण, मग 'सेनोते' नावाच्या नैसर्गिक विहिरीत पोहणे आणि रात्री परत.

हा क्रम मला उलटा वाटतो. मी स्थापत्य शाखेचा पदविकाधारक, नोकरी राज्य सरकारच्या पाणीपुरवठ्याच्या कामात. त्यामुळे कोणत्याही जुन्या गावाचे नाव निघाले की तिथे पाणी कुठून यायचे, हे आधी विचारायची सवय लागली आहे. चिचेन इत्झाचे उत्तर त्याच्या नावातच आहे. माया भाषेत 'ची' म्हणजे तोंड, 'चेन' म्हणजे विहीर आणि इत्झा हे तिथल्या लोकांचे नाव. इत्झांच्या विहिरीच्या तोंडाशी! सहलीत जी विहीर दिवसाच्या शेवटी येते, ती इतिहासात सर्वांत आधी येते.

हे शहर ज्या युकातान द्वीपकल्पात आहे, त्याच्या उत्तर भागात जमिनीवरून वाहणारी नदी नाही. पाऊस कमी पडतो असे नाही, पण सगळी जमीन चुनखडीची. पाणी पडले की मुरते, खडक विरघळवत खाली जाते आणि भुयारांतून समुद्राकडे वाहते. एखाद्या भुयाराचे छत कोसळले की गोल खड्डा तयार होतो आणि तळाशी निळेशार पाणी दिसते. हीच सेनोते. माया लोकांच्या 'त्सोनोत' शब्दाचे हे स्पॅनिश रूप. अशा हजारो विहिरी त्या भागात आहेत.

त्यांतल्या काही नकाशावर मोठ्या कमानीसारख्या ओळीत दिसतात. ही कमान म्हणजे सुमारे ६ कोटी ६० लाख वर्षांपूर्वी चिक्शुलुब इथे आदळलेल्या अशनीच्या विवराची कड. विवराचा व्यास सुमारे १८० किलोमीटर, निम्मे जमिनीखाली आणि निम्मे समुद्राखाली गाडलेले. डायनासोर संपले ते याच आघातानंतर. आपण बडोदेकर बालासिनोरजवळच्या रैयोलीला मुलांना डायनासोरची अंडी दाखवायला नेतो. ते प्राणी साधारण त्याच युगाच्या अखेरचे. चिचेन इत्झाच्या विहिरी त्या कमानीच्या बाहेर पडतात, पण खडक तोच.

शहराला मुख्य विहिरी दोन. एक श्तोलोक, ती पिण्याच्या पाण्याची. दुसरी पवित्र विहीर, ती चाक या पर्जन्यदेवाची. पिण्याची वेगळी आणि देवाची वेगळी, ही व्यवस्था आपल्याला समजावून सांगायला नको.

इसवी सनाच्या नवव्या ते अकराव्या शतकात हे शहर भरभराटीला आले. त्याच सुमारास दक्षिणेकडची तिकाल, पालेन्के, कोपान ही मोठी माया शहरे ओस पडत होती. लढाया आणि राजकारण ही कारणे होतीच, पण एकामागून एक पडलेले दुष्काळ हे मोठे कारण होते, असे आता बरेच अभ्यासक मानतात. दक्षिणेत भूजल फार खोल, सगळी भिस्त साठवलेल्या पावसावर. चिचेन इत्झात मात्र वीस-पंचवीस मीटरवर न आटणारे पाणी. शहर टिकायला एवढे एकच कारण पुरेसे नसेल, पण माझ्यासारख्याला ते पहिले वाटते.

मग पिरॅमिड. कुकुल्कान या पिसारी नागदेवतेचे हे मंदिर सुमारे तीस मीटर उंच आहे. चारही बाजूंना एक्याण्णव पायऱ्या, म्हणजे ३६४, आणि वरचा चौथरा धरून ३६५. वर्षाचे दिवस दगडात मोजून ठेवलेले. मार्च आणि सप्टेंबरमध्ये, दिवस-रात्र समान असतात तेव्हा, दुपार कलताना उत्तरेकडच्या जिन्याच्या कठड्यावर सावलीचे त्रिकोण पडतात आणि खालच्या दगडी नागाच्या डोक्याला त्या सावलीचे अंग जोडले जाते. आत आणखी एक जुना पिरॅमिड आहे, त्यात लाल रंगाचे जग्वाराच्या आकाराचे आसन सापडले. आणि २०१५ मध्ये मेक्सिकोच्या राष्ट्रीय विद्यापीठातील शास्त्रज्ञांनी जमिनीतून वीज सोडून मोजणी केली, तेव्हा पिरॅमिडच्या खाली पाण्याची पोकळी असल्याचे दिसले. मंदिरही विहिरीवरच बांधलेले!

पिरॅमिडपासून सुमारे तीनशे मीटरचा जुना पांढरा रस्ता पवित्र विहिरीकडे जातो. विहीर सुमारे साठ मीटर रुंद, कडा उभ्या. इथे पोहता येत नाही, फक्त काठावरून पाहायचे. एडवर्ड थॉम्पसन नावाच्या अमेरिकन वकिलातीतल्या अधिकाऱ्याने ही सगळी जागाच विकत घेतली होती. १९०४ पासून त्याने यारी लावून विहिरीचा गाळ उपसला. सोने, तांबे, हिरवा जेड, धूप आणि माणसांची हाडे वर आली. बरेचसे अमेरिकेतल्या हार्वर्ड विद्यापीठाच्या संग्रहालयात गेले. त्यातले काही पुढे मेक्सिकोला परत मिळाले.

गाइड इथे सुंदर कुमारिकांच्या बळीची गोष्ट रंगवून सांगतात. हाडांचा अभ्यास तसे सांगत नाही. त्यात पुरुष आहेत, स्त्रिया आहेत आणि मुले पुष्कळ आहेत. याच विहिरीजवळ १९६७ मध्ये विमानाची छोटी धावपट्टी बांधताना पाणी साठवायचे एक भूमिगत टाके सापडले होते, त्यात शंभरावर मुलांचे अवशेष होते. त्यांतल्या चौसष्ट जणांच्या हाडांतली जनुके तपासून २०२४ मध्ये निष्कर्ष जाहीर झाला. सगळे मुलगेच, बहुतेक तीन ते सहा वर्षांचे, त्यांत एकसारख्या जुळ्यांच्या दोन जोड्या. वाचवत नाही. पण त्याच अभ्यासातली दुसरी गोष्ट मला अधिक महत्त्वाची वाटते. ही जनुके जवळच्या तिश्काकालतुयुब गावात आज राहणाऱ्या लोकांच्या जनुकांशी ताडून पाहिली, आणि नाते जुळले. 'माया लोक गूढपणे नाहीसे झाले' असे सहलीच्या पत्रकात अजून छापतात. नाहीसे झालेले लोक पत्रक वाटायला कसे येतील? बसचा चालक, गाइड, दुपारी पोळ्या थापणारी बाई, यांतले अनेक जण माया आहेत.

त्या पोळ्यांविषयी आता. मक्याचे दाणे चुन्याच्या पाण्यात उकळायचे, रात्रभर तसेच ठेवायचे, सकाळी धुऊन वाटायचे आणि त्या पिठाच्या पोळ्या भाजायच्या. चुना म्हणजे आपण पानाला लावतो तोच. ही कृती तीन हजार वर्षांहून जुनी मानतात. चुन्यामुळे मक्यातले नायसिन हे जीवनसत्त्व शरीराला मिळते. स्पॅनिश लोकांनी मका युरोपात नेला, पण ही कृती नेली नाही. जिथे गरीब लोक नुसत्या मक्यावर जगू लागले, तिथे पेलाग्रा हा रोग पसरला. कातडी सोलवटते, बुद्धी भ्रमते, माणूस मरतो. इटली-स्पेनमध्ये अठराव्या शतकात आणि अमेरिकेच्या दक्षिण भागात विसाव्या शतकाच्या सुरुवातीला हेच झाले. औषध त्या बायकांच्या मडक्यात होते.

आणि हा चुना त्याच खडकाचा. चुनखडी भट्टीत भाजायची, तीच पिरॅमिडच्या भिंतीला, तीच रस्त्याला, तीच मक्याला. पाणी, घर आणि भाकरी एकाच दगडातून काढणारे दुसरे लोक मला माहीत नाहीत.

जेवणात बहुधा 'कोचिनीता पिबिल' असते. शेंद्रीच्या बिया आणि आंबट संत्र्याचा रस लावलेले डुकराचे मांस केळीच्या पानात गुंडाळून शिजवतात. 'पिब' म्हणजे जमिनीतली भट्टी. खड्ड्यात दगड तापवायचे, वर पुरचुंडी ठेवून माती लोटायची. डुक्कर, संत्रे आणि केळ स्पॅनिश लोकांबरोबर आले. त्याआधी हरीण नाहीतर टर्की असायची. भट्टी मात्र जुनीच. उंधियूचे मडके ज्यांनी शेतात पुरले आहे, त्यांना ही चव अर्धी तरी ओळखीची वाटेल. आपल्यातल्या शाकाहाऱ्यांनी 'सिकिल पाक' मागावे. भाजलेल्या भोपळ्याच्या बिया आणि टोमॅटोची ही चटणी आहे, आपल्या जवसाच्या चटणीची लांबची बहीण.

लांबची म्हणण्याचे कारण नाही म्हणा. मिरची, टोमॅटो, मका, पपई हे सगळे मेक्सिको आणि त्याच्या आसपासच्या मुलखातून पोर्तुगीज-स्पॅनिश जहाजांनी जगभर गेले आणि गोव्याच्या वाटेने आपल्याकडे आले. चिकूही तिथलाच. नवसारी-वलसाडच्या ज्या चिकूचा आपल्याला एवढा अभिमान, त्याचे जंगली झाड युकातानच्या रानात उभे आहे. त्याचे लाकूड इतके टणक की माया लोकांनी मंदिरांच्या दारांवर त्याच्या तुळया घातल्या, आणि हजार वर्षांनंतरही त्यांतल्या काही जागेवर आहेत. त्याच झाडाच्या चिकापासून च्युइंगम बनू लागले.

जहाजांबरोबर धर्मखातेही आले. १२ जुलै १५६२ रोजी मानी या गावी डिएगो दे लांडा या पाद्र्याने माया लोकांच्या हजारो मूर्ती आणि त्याच्याच लिहिण्याप्रमाणे सत्तावीस पोथ्या जाळल्या. अंजिराच्या जातीच्या झाडाच्या सालीवर चुन्याचा हात देऊन त्यांवर लिहिलेले असे. इथेही चुनाच. आज जगात अशा फक्त चार पोथ्या उरल्या आहेत. त्यांतल्या तिघींची नावे ड्रेस्डेन, माद्रिद आणि पॅरिस, म्हणजे ज्या शहरांत त्या जाऊन पडल्या त्या शहरांची. याच्या दोनच वर्षे आधी, १५६० मध्ये, गोव्यात इन्क्विझिशन सुरू झाले होते. त्या काळच्या गोव्यातल्या रामायण-महाभारताच्या मराठी आणि कोकणी कथांच्या प्रती आज पाहायच्या तर पोर्तुगालमधल्या ब्रागा शहराच्या ग्रंथालयात जावे लागते.

याच लांडाने नंतर माया लोकांच्या चालीरीतींवर पुस्तक लिहिले आणि त्यात त्यांच्या लिपीतली काही चिन्हे उच्चारांसह नोंदवली. ते हस्तलिखित तीनशे वर्षे पडून राहिले, १८६४ मध्ये छापले गेले. त्यावरूनच लेनिनग्राडमध्ये बसून युरी क्नोरोझोव्ह या तरुण अभ्यासकाने १९५२ मध्ये दाखवून दिले की ही लिपी उच्चारांची आहे. मग दगड बोलू लागले. पण ते बोलू लागले तेव्हा ती भाषा ओळखणारे लोक हयात होते, म्हणून वाचन पुढे सरकले.

इत्झांचे म्हणाल तर त्यांची एक शाखा चिचेन सोडून दक्षिणेला सरोवरातल्या बेटावर राज्य करून राहिली. ते राज्य स्पॅनिशांनी जिंकले १६९७ मध्ये, म्हणजे शिवाजी महाराजांच्या निधनानंतर सतरा वर्षांनी. मेक्सिकोच्या २०२० च्या जनगणनेत युकातानची माया भाषा बोलणारे साडेसात लाखांहून अधिक लोक नोंदले गेले. मुले शाळेत स्पॅनिश बोलतात, आजीशी माया. पुढच्या पिढीचे काय, ही चिंता त्यांच्याही घरात आहे. बडोद्यात आपल्याकडे ती कशी असते, हे मी इथे लिहायला नको.

संध्याकाळी बस 'इक किल' किंवा अशाच एखाद्या विहिरीपाशी थांबते. खडकात कोरलेल्या पायऱ्यांनी सव्वीस मीटर खाली उतरायचे. वरून वेलींची मुळे पाण्यापर्यंत लोंबतात. उतरण्याआधी अंघोळ करायला लावतात, अंगाला लावलेले क्रीम धुऊन टाकायला सांगतात. आपल्या लोकांना हे जाचक वाटते, पण कारण साधे आहे. खालचे पाणी भुयारांतून एकमेकांना जोडलेले आहे आणि गावांच्या नळालाही जमिनीखालचेच पाणी येते. किनाऱ्यावरची हॉटेले आणि त्यांचे सांडपाणी याच खडकावर आहे. चुनखडी गाळत नाही, जे पडेल ते सरळ खाली पोचवते.

पर्यटक परत गेल्यावरही त्या गावांत चाकचे काम चालूच असते. पाऊस लांबला की आजही काही माया गावांत 'चा चाक' हा विधी होतो. रानात फांद्यांचा मांडव घालतात, मक्याच्या जाड भाकरी पिबमध्ये भाजून नैवेद्य मांडतात. वेदीच्या चार पायांशी चार लहान मुलगे बसवतात. बेडूक हे चाकचे सोबती. म्हाताऱ्या पुरोहिताची प्रार्थना चालू असताना त्या मुलांनी बेडकासारखे डरावांचे आवाज काढायचे असतात. आपल्याकडे खेड्यांत बेडूक बांधून दारोदार धोंडी मागायची प्रथा होती, ती वयस्कर मंडळींनी पाहिली असेल. तिकडे बेडूक धरून आणत नाहीत, मुलेच बेडूक होतात.