कॉफी केकमध्ये कॉफी का नसते?

कॉफी केकमध्ये बहुतेकदा कॉफी नसतेच. तो कॉफीसोबत खायचा केक. त्यावरचा खुसखुशीत चुरा म्हणजे जर्मन ‘श्ट्रॉइझल’, म्हणजे भुरभुरलेलं. सायलेशिया प्रांतात यीस्टच्या पिठावर हा चुरा घालून केक भाजायचे. १९व्या शतकात जर्मन स्थलांतरितांबरोबर असे केक अमेरिकेत पोचले. तिथे हळूहळू बेकिंग पावडर आली.

१९४५ नंतर सायलेशियाचा बहुतेक भाग पोलंडकडे गेला आणि लाखो जर्मनांना घरं सोडावी लागली. केक मात्र दोन्हीकडे टिकला. २०११ मध्ये पोलंडच्या ‘कोवोच श्लोंस्की’ला युरोपियन युनियनचं भौगोलिक मानांकनही मिळालं.

घरी करायचाय? चुऱ्यासाठी २०० ग्रॅम मैदा, १०० ग्रॅम साखर आणि १०० ग्रॅम थंड बटर बोटांनी चोळा. फार मळू नका, नाहीतर गोळा होईल!