सिडनी कॉटनची विमाने आणि बीडचा मुलूख

विमानविद्येच्या आरंभकाळातील ऑस्ट्रेलियन वैमानिक फ्रेडरिक सिडनी कॉटन (१८९४–१९६९) याचे नाव हैदराबाद मुक्तिसंग्रामाच्या इतिहासात येते, ते १९४८ साली निजामाला चोरून शस्त्रे पुरवणारा म्हणून. परंतु त्याच्या पाव शतक आधी हाच मनुष्य उत्तर अटलांटिकमधील न्यूफाउंडलंड बेटावर, हिवाळ्यात जगापासून तुटून पडणाऱ्या वस्त्यांना विमानाने टपाल पोहोचवण्याची खटपट करीत होता. या दोन कामगिऱ्या शेजारी ठेवल्या म्हणजे असे दिसते की, विमान आल्याने दुर्गम मुलूख आपोआप जवळ येत नाही. ते कोणाच्या पैशाने, कोणाच्या हुकमाने आणि कोणासाठी उतरते यावर सारे अवलंबून असते. तत्कालीन हैदराबाद संस्थानातील बीड जिल्ह्याचा अनुभव या विधानाला पुष्टी देणारा आहे.

कॉटनचा जन्म क्वीन्सलंड प्रांतातील एका पशुपालक घराण्यात झाला. पहिल्या महायुद्धात १९१५ साली तो ब्रिटिश नौदलाच्या विमानदलात दाखल झाला. त्या काळची विमाने उघडी असत आणि उंचावरील थंडीने वैमानिकांची बोटे बधिर होत. तेलाने व वंगणाने माखलेला आपला कामाचा पोशाख इतरांच्या कपड्यांपेक्षा अधिक ऊब धरतो, हे कॉटनच्या लक्षात आले आणि त्यावरून त्याने आत फर, मध्ये वारा अडवणारे रेशीम व बाहेर घट्ट विणीचे कापड असा तिहेरी पोशाख तयार करविला. १९१७ पासून तो ‘सिडकॉट’ या नावाने प्रसिद्ध झाला आणि पुढील अनेक वर्षे वैमानिकांच्या अंगावर राहिला. अडचणीचे नेमके कारण हेरून त्यावर साधा तोडगा काढण्याची ही हातोटी त्याच्या पुढच्या प्रत्येक उद्योगात दिसते.

युद्ध संपल्यावर, १९२०च्या सुमारास, तो न्यूफाउंडलंडला गेला. तेथील किनाऱ्यावर विखुरलेली कोळ्यांची गावे बोटींवर जगत आणि समुद्र गोठला की बोटी बंद होऊन टपाल कुत्र्यांच्या घसरगाड्यांवर येई. कॉटनने बॉटवुड येथे तळ उभारला, विमानांना चाकांऐवजी बर्फावर घसरणाऱ्या पट्ट्या बसविल्या आणि एकाच यंत्राकडून तीन कामे घेण्याचा बेत आखला: टपाल नेणे, जंगलांची हवाई पाहणी करणे आणि बर्फावरील सील प्राण्यांचे कळप शोधून शिकारी जहाजांना त्यांची दिशा कळविणे. एकट्या टपालावर असा धंदा चालणार नाही, व्यापाऱ्यांचा पैसा त्याला जोडला तरच दूरच्या गावांना सेवा परवडेल, असा त्यामागचा हिशेब होता. १९२१ साली तेथील सरकारने विमानटपालासाठी तिकिटांवर खास छपाईही केली. मात्र हवामान बेभरवशाचे होते, सीलचे व्यापारी साशंक होते आणि भांडवल अपुरे होते. त्यामुळे १९२३च्या सुमारास हा उद्योग बंद पडला. तरीही दळणवळणाच्या सोयीपासून वंचित लोकांसाठी विमान कसे वापरावे, याचा तो एक आरंभीचा नमुना होता.

दुसऱ्या महायुद्धाच्या तोंडावर ब्रिटिश गुप्तहेर खात्यासाठी कॉटनने व्यापारी प्रवासाच्या आवरणाखाली जर्मनीवरून उड्डाणे केली आणि विमानात दडवलेल्या कॅमेऱ्यांनी लष्करी ठिकाणांची छायाचित्रे टिपली. उंचीवर भिंगांवर दव गोठू नये म्हणून त्यांच्यावरून उबदार हवा फिरविण्याची युक्ती त्यात होती. या कामातून ब्रिटिश हवाई छायाचित्रण पथक उभे राहिले. पण वरिष्ठांशी न पटल्याने १९४० साली त्याच्याकडून त्या पथकाची सूत्रे काढून घेण्यात आली. नियम वाकवून काम तडीस नेणारा हा मनुष्य युद्धोत्तर काळात भाड्याच्या कामगिऱ्यांकडे वळला आणि त्याच वाटेने हैदराबादला पोहोचला.

चहूबाजूंनी भारतीय प्रदेशाने वेढलेल्या हैदराबाद संस्थानाला बंदर नव्हते. २९ नोव्हेंबर १९४७ रोजी भारताशी जैसे थे करार झाला. पुढील कायम निर्णय होईपर्यंत पूर्वीचे व्यवहार चालू ठेवण्याची ही तात्पुरती व्यवस्था होती. ती फिसकटत गेली, तशी भारताने संस्थानात जाणाऱ्या मालावर बंधने घातली. तेव्हा पंतप्रधान मीर लायक अली यांच्या सरकारने कॉटनशी संधान बांधले. लँकास्टर या बाँबफेकी विमानापासून बनवलेली लँकास्ट्रियन जातीची मालवाहू विमाने घेऊन तो कराचीहून रात्री निघे आणि भारतीय हद्दीवरून बीदर व वरंगळ येथील धावपट्ट्यांवर शस्त्रे उतरवी.

बीदर हे बीडच्या आग्नेयेस, त्याच संस्थानात होते. परंतु तेथे उतरलेल्या विमानांत बीडमधील बालाघाट डोंगररांगेतील गावांसाठी काही नव्हते. १९०० च्या सुमारास पूर्ण झालेला मनमाड–हैदराबाद लोहमार्ग औरंगाबाद, जालना, परभणी असा बीडला टाळून गेला होता आणि जिल्ह्यात रेल्वे पोहोचली ती पूर्वेकडील परळीपुरती. १९३२ साली निजामाच्या रेल्वे खात्याने २७ गाड्यांनिशी बससेवा सुरू केली, तीही मुख्य रस्त्यांपलीकडील खेड्यांना फारशी उपयोगी नव्हती. याच जिल्ह्यातील अंबाजोगाईच्या योगेश्वरी शाळेत मुख्याध्यापक राहिलेले स्वामी रामानंद तीर्थ संस्थानातील लोकलढ्याचे नेते झाले होते, तर कासिम रझवीच्या रझाकारांची, म्हणजे निजामनिष्ठ स्वयंसेवी सशस्त्र दलाची, दहशत गावोगाव जाणवत होती. विमानांनी आणलेली शस्त्रे ज्या सत्तेचे बळ वाढवत होती, तिच्याच विरोधात इथली माणसे उभी होती.

तो पुरवठाही निर्णायक ठरला नाही. १३ सप्टेंबर १९४८ रोजी भारतीय सैन्य सोलापूरच्या बाजूने नळदुर्गावर आणि उत्तरेकडून औरंगाबाद–जालन्याकडे सरकले आणि १७ सप्टेंबरला निजामाने शरणागती जाहीर केली. कॉटनला पुढे ब्रिटनमध्ये या प्रकरणी दोनशे पौंड दंड झाला.

यानंतर दूरच्या गावांसाठी विमानाचा खरा उपयोग सुरू झाला, तो कोणा एका धाडसी वैमानिकामुळे नव्हे. जानेवारी १९४९ मध्ये रात्रीची विमानटपाल सेवा सुरू होऊन दिल्ली, मुंबई, कलकत्ता आणि मद्रास येथील टपाल नागपुरात अदलाबदल होऊ लागले. त्याच वर्षीच्या १ एप्रिलपासून देशांतर्गत साधी पत्रेही जादा आकाराविना विमानाने जाऊ लागली आणि १९५० मध्ये निजामाचे स्वतंत्र टपाल खाते भारतीय खात्यात विलीन झाले. म्हणजे बीडमध्ये धावपट्टी नसतानाही बीडच्या पत्राला विमानाचा लाभ मिळू शकला, कारण विमानतळापासून गावच्या टपालकचेरीपर्यंतची साखळी सार्वजनिक होती आणि तिचा दर सर्वांना सारखा होता. जमिनीवरची वाट मात्र पुढेही लांबच राहिली. अहिल्यानगरहून बीड शहरात पहिली प्रवासी रेल्वे येण्यास २०२५ उजाडावे लागले. कॉटनने न्यूफाउंडलंडमध्ये ओळखलेली गरज खरी होती, पण ती भागवायला खाजगी साहस पुरेसे पडले नाही, आणि हैदराबादेत तेच साहस गरजवंतांऐवजी दरबाराच्या कामी लागले.