दाखल्यावाचून परीक्षा नाही : एडिंबरा येथील एक खटला

शाळेत नाव घातले, फी भरली, मन लावून अभ्यास केला. आणि परीक्षा तोंडावर आल्यावर कचेरीतून निरोप आला की तुम्ही परीक्षेस पात्र नाही, तर माणसाने काय करावे? प्रवेश मिळणे वेगळे आणि परीक्षेला बसता येणे वेगळे. हा भेद कागदावर लहान दिसतो, पण त्यापायी कोर्टाची पायरी चढावी लागते. अशाच एका जुन्या खटल्याची ही हकीकत. खटला झाला स्कॉटलंडात. पण त्याचा धागा आपल्या मुंबईपर्यंत आलेला आहे.

१८६९ साली सोफिया जेक्स-ब्लेक आणि त्यांच्या मैत्रिणी वैद्यकी शिकण्यासाठी एडिंबरा विद्यापीठात दाखल झाल्या. पुढे त्या सातजणी झाल्या. विद्यापीठाने नियम केला की स्त्रियांनी शिकावे, पण वेगळ्या वर्गात. त्यांना शिकवण्याची प्राध्यापकांना मुभा होती, सक्ती नव्हती. सारी गोम इथेच होती. पदवीसाठी ठरलेल्या सर्व विषयांचे वर्ग पुरे केल्याचे दाखले लागत, आणि बाहेरच्या शिक्षकांचे दाखले चारच विषयांपुरते चालत. बाकीच्या विषयांचे प्राध्यापक नाही म्हणाले की दाखला नाही. आणि दाखला नाही म्हणून परीक्षा नाही!

बुद्धी कमी पडली असे म्हणावे, तर तेही नाही. १८७० साली रसायनशास्त्रात एडिथ पीची नव्या विद्यार्थ्यांत पहिल्या आल्या. पहिल्या क्रमांकाची शिष्यवृत्ती मात्र खालच्या क्रमांकाच्या मुलाकडे गेली. त्याच वर्षी १८ नोव्हेंबरला शरीरशास्त्राच्या परीक्षेसाठी या स्त्रिया सर्जन्स हॉलपाशी आल्या, तेव्हा जमावाने त्यांच्यावर चिखल फेकला आणि फाटक लावून घेतले. आत परीक्षा चालू असताना कोणी तरी एक मेंढीही दालनात सोडली. या बायांनी अशाही स्थितीत पेपर लिहिला.

पदवीचा हट्ट सोडा, नुसते प्रावीण्याचे प्रशस्तिपत्र घ्या, असे विद्यापीठाने सुचवून पाहिले. पण तेवढ्या कागदावर डॉक्टर म्हणून नाव नोंदवता येत नव्हते. तेव्हा १८७२ साली त्या कोर्टात गेल्या. लॉर्ड गिफर्ड यांनी पहिला निकाल त्यांच्या बाजूने दिला. विद्यापीठाने अपील केले. १८७३ च्या जूनमध्ये बारा न्यायाधीशांपैकी सातांनी विद्यापीठाच्या बाजूने, पाचांनी या स्त्रियांच्या बाजूने मत दिले. बहुमताचे म्हणणे असे की स्त्रियांना प्रवेश देण्याचा अधिकारच विद्यापीठाला नव्हता. म्हणजे चूक केली विद्यापीठाने आणि भुर्दंड पडला विद्यार्थिनींना!

पण कोर्टात हरल्या म्हणून त्या घरी बसल्या नाहीत. १८७४ साली जेक्स-ब्लेकबाईंच्या खटपटीने लंडनला स्त्रियांचे वैद्यकीय विद्यालय निघाले. १८७६ साली पार्लमेंटने कायदा करून परीक्षा घेणाऱ्या संस्थांना स्त्रियांना परवाना देण्याची मोकळीक दिली. १८७७ साली जेक्स-ब्लेक आणि पीची डब्लिन येथे परीक्षा देऊन डॉक्टर झाल्या.

याच पीचीबाई पुढे मुंबईस आल्या. कामा हॉस्पिटलची धुरा त्यांनी वाहिली, आणि ज्यांना एका विद्यापीठाने पदवीच्या परीक्षेला बसू दिले नाही, त्या मुंबई विद्यापीठाच्या सिनेटवर निवडून आल्या. आपल्या रखमाबाईंना वैद्यकी शिकायला धीर देणाऱ्यांत त्याही होत्या. रखमाबाई लंडनच्या त्याच विद्यालयात शिकल्या, १८९४ साली डॉक्टर झाल्या आणि परत येऊन सुरतेस त्यांनी रुग्णसेवा केली.

एडिंबरा विद्यापीठाने त्या सातजणींना पदवी दिली ती २०१९ साली, मरणोत्तर!

गुरुजनांना एवढेच सांगणे : मुलाचे नाव घालतानाच परीक्षेचे नियम त्याला आणि त्याच्या आईबापांना वाचून दाखवा. हजेरी किती, दाखले कोणते, ते कोण देणार, हे आधीच विचारून घ्या. आणि जो दाखला मिळवणे मुलाच्या हातातच नाही, तो नियम मागत असेल, तर मुलाला दोष देऊ नका. त्याच्या वतीने तुम्ही बोला.