रक्तौघमापनाचें श्रेय कोणाचें?
हृदयांतून दर मिनिटास वाहणारें रक्त शीतल द्रवाच्या साहाय्यानें मोजण्याच्या रीतीचें श्रेय, नलिकेच्या नांवावरून, स्वान व गँझ यांस देण्याकडे वाचकांचा कल होतो. आमच्या मतें तें सयुक्तिक नाहीं.

सन १८७० मध्यें फिक यानें प्राणवायूच्या हिशेबावरून रक्तौघ काढण्याचें तत्त्व सांगितलें. सन १८९७ मध्यें स्ट्यूअर्ट यानें शिरेंत क्षारजल सोडून त्याच्या विरलतेवरून तो मोजला. परंतु शैत्य हीच खूण मानून, पुढें रक्ताचें उष्णमान किती उतरतें हें प्राण्यांवर पाहणाऱ्या जॉर्ज फेग्लरचा निबंध सन १९५४ चा आहे. प्रवाह मोठा तर उतार अल्प व क्षणिक. लहान तर अधिक व दीर्घ. पुरावरून वरच्या प्रदेशांतील पर्जन्य ओळखणारें नैयायिकांचें शेषवत् अनुमान तें हेंच. रंगद्रव्य रक्ताबरोबर फिरून परत येतें. शैत्य बहुतेक विरून जातें, म्हणून मापन पुनःपुन्हां करतां येतें.

सन १९६८ मध्यें ब्रॅन्थवेट व ब्रॅडली यांनीं ही रीत मनुष्यावर योजिली. स्वान-गँझ यांची फुग्याची नलिका सन १९७० ची. तिच्यामुळें ती रुग्णशय्येपाशीं रूढ झाली. हें कार्य थोर खरेंच. पण वाट पाडणारा व ती सुगम करणारा यांचीं नांवें निराळीं नोंदणें, हें इतिहासाचें कर्तव्य होय.