इंजिन नसलेलं मारुत

भडगावातून मी पुन्हा तुमच्या कानाशी. आजचा प्रश्न असा, की नवं लढाऊ विमान हवेत स्थिर राहील की नाही, हे आधी कळतं कसं?

त्यासाठी बंगळूरच्या हिंदुस्थान एअरक्राफ्टमध्ये जाऊ. १९५१ मध्ये तिथं ‘एचटी-२’ हे प्रशिक्षण विमान उडालं. ते रचणारे डॉ. विष्णू घाटगे आपल्या कोल्हापूरकडचे. जर्मनीत गटिंगेनला लुडविग प्रांट्ल यांच्या हाताखाली त्यांनी १९३६ मध्ये डॉक्टरेट घेतली होती. पण एचटी-२ चे पंख सरळ होते. १९५६ मध्ये जर्मन अभियंता कुर्ट टांक आले, आणि ‘एचएफ-२४ मारुत’साठी पंख मागे वळवायचं ठरलं.

मागे कशाला? ध्वनीच्या वेगाजवळ गेलं की हवेचा अडथळा एकदम वाढतो. पंख तिरके असले की ही वाढ लांबते. पण याची किंमत मोजावी लागते, बरं का! वेग कमी झाला की पंखांच्या टोकांची उचल आधी जाऊ शकते. टोकं तर मागे असतात, मग नाक आपोआप वर उठतं. शिवाय असं विमान नाक डावी-उजवीकडे नेत दोन्ही अंगांवर डोलू शकतं. याला ‘डच रोल’ म्हणतात.

संक्रांतीचा पतंग गोते खायला लागला की आपण त्याला शेपूट बांधतो. चुकलं तर जाईल पतंगच. इथं मात्र आत माणूस बसणार.

कागदावर गणित मांडता येतं, बोगद्यात वारा सोडून छोटं मॉडेलही तपासता येतं. पण छोट्या मॉडेलभोवतीची हवा हुबेहूब मोठ्या विमानासारखी वागत नाही. म्हणून टांकच्या चमूनं मारुतच्याच मापाचं लाकडी ग्लायडर केलं. पंखांचा आकार तोच, नियंत्रणंही तीच, फक्त इंजिन नाही! १९५९ पासून डाकोटा विमान ते ओढत वर न्यायचं आणि सोडून द्यायचं.

अशा चाचण्यांत पायलट वेग हळूहळू कमी करून नाक कधी उठतं ते बघतो. सुकाणूला झटका देऊन सोडतो, आणि डोलणं किती सेकंदांत शमतं ते मोजतो. अंदाज खरा ठरला की नाही, ते इथं कळतं.

ग्लायडरची ७८ उड्डाणं झाली. मार्च १९६० मध्ये उतरताना पुढचं चाक बाहेर आलं नाही, त्याचं मोठं नुकसान झालं. पण तोवर बरंच हाती लागलं होतं. १७ जून १९६१ ला सुरंजन दास यांनी खरं मारुत उडवलं.

मोजणीनं धोका कमी होतो, संपत नाही. १० जानेवारी १९७० ला मारुतच्याच सुधारित विमानाच्या अपघातात दास गेले. बंगळूरला त्यांच्या नावाचा रस्ता आहे. कधी तिकडून गेलात, तर पाटी नक्की वाचा.